तारांकित

सात वेळा निवडून आलेल्या माणसाचा
मी टंकलेखक.
चनबसप्पा कोनापुरे, सोलापूर.
लेटरहेडवरचे सिंह पहिल्याच वर्षी तिरपे छापून आले,
अण्णा म्हणाले, राहू दे, कागद वाया नको.

पहिलं पत्र साखर पेठेतल्या राजव्वा बोल्लीच्या
विडी कामगार कार्डासाठी.
शेवटचं तिच्या नातसुनेच्या.
मधली किती, ते कार्बनला माहीत.

प्रश्न मात्र एकच,
अधिवेशनामागून अधिवेशन:
शहराला रोज पाणी केव्हा?
मी नुसती तारीख बदलायचो
आणि आकड्याआधी चांदणी ठोकायचो.
मंत्री बदलले, पक्ष बदलले
(एकदा अण्णांचाही, त्यावर ते बोलत नसत),
उत्तर यायचं:
हे अंशतः खरे आहे.
विलंबाची कारणे काय?
प्रश्न उद्भवत नाही.

नागपूरला जाताना ट्रंकेत दोन डझन चादरी.
एक सचिवाला, एक लिफ्टवाल्याला,
एक त्या कक्ष अधिकाऱ्याला,
ज्याच्या टेबलावर आमची फाईल नऊ वर्षं झोपली होती.
"तिच्याही अंगावर घाला," म्हणाले अण्णा.
हसले नाहीत.

मिलचा भोंगा थांबला त्या आठवड्यात
सभागृहात ते अडीच मिनिटं बोलले.
माझा बाप सायझिंग खात्यात होता.
कार्यवृत्तात भाषणाच्या मध्येच छापलंय
(अडथळा)
आणि शेवटी
(घंटा).
तेवढं पान मी घरी आणलं.

आठव्या वेळी तीनशे अकरा मतांनी पडले.
मोजणीच्या गोदामातून आम्ही दोघंच चालत निघालो,
डांबर चपलेला चिकटत होतं.
एका बोळातून कुणीतरी हाक मारली,
"अण्णा, नीर बंतेन?"
त्या बाईला निकाल कळलेला नव्हता.
"नाळे," म्हणाले. उद्या.
सवयीनं खिशातलं पेन काढलं,
परत ठेवलं.

परवा गेलो तर गच्चीवर सतरंजी टाकून पडलेले,
उशाला बादली.
"तो प्रश्न आता कोण विचारतं रे?"
विचारतात कुणीतरी, मी म्हणालो.
"चांदणी असते का पुढं?"
मला माहीत नव्हतं.

रात्री अडीचला खाली नळ फुसफुसला.
कठड्याला धरत अण्णा उतरले,
बादली लावली.
आधी हवा आली, मग गंज,
मग करंगळीएवढी धार.
"अंशतः खरे आहे,"
असं म्हणून
तिथंच उभे राहिले, बादली भरेपर्यंत.