सतरा पत्ते

मे महिन्यात धंतोलीतल्या भिंती
रात्री अकरालाही दिवसाचं ऊन ओकत असतात.
फक्त आमच्या सर्व्हरच्या खोलीत स्वेटर लागतो.
डिस्कवर दोन टक्के जागा उरली होती.
नवी घ्यायचं विचारलं तर डॉक्टरसाहेब म्हणाले,
दिवाळीनंतर बघू.

म्हणून मी त्या दोघींना उठवलं.
लायब्ररीच्या फायली,
सिस्टिमच्या फोल्डरात तळाशी पडलेल्या,
ना चित्र, ना खिडकी,
डबल क्लिक केलं तरी उघडत नाहीत.
कुणी हाक मारली तर कामाला लागतात,
आणि हरवल्या तरच त्यांचं नाव पडद्यावर येतं.

पहिली तुकडे करते.
अकरा वर्षांचे एक्स-रे,
प्रत्येक तुकड्याचा अंगठा घेते,
तोच अंगठा पुन्हा आला
की तुकडा टाकून जागेवर नुसता पत्ता ठेवते:
जा, तो तिकडे आहे.
दुसरी कमी बोलते.
काळं काळं काळं काळं लिहिलेलं असेल
तिथे ती लिहिते: काळं, चाळीस हजार.

टेक्निशियन बारापात्रे काका चहा घेऊन दारात.
"यात माणसं तर नाही ना जात, पोरी?"
नाही काका. दुबार तेवढं.
"दुबार," ते म्हणाले,
आणि कप न पिताच खाली ठेवला.

पहाटे अहवाल आला.
सगळ्यात जास्त वेळा सापडलेला तुकडा निव्वळ काळा.
छातीबाहेरचा, खांद्यावरचा,
पाचपावलीच्या बाईचा न् हिंगण्याच्या पोराचा
अंधार एकच निघाला.
नऊ लाख जागी होता, आता एकदाच आहे.
त्याखाली निव्वळ पांढरा.
त्याखाली, काळा नाही, पांढरा नाही,
फासळ्यांचा एक तुकडा.
पत्ते: सतरा.
शेजारच्याचेही सतरा. खालच्याचेही.

दोन माणसांच्या फासळ्या सारख्या नसतात.
एका माणसाच्या दोन श्वासांतही नसतात.

उघडून पाहिलं.
नावाचा तुकडा तेवढा ज्याचा त्याचा:
गुणवंता लांजेवार. शेषराव निमजे. ताराचंद धकाते.
सगळे सूतगिरणीचे,
कामावर घेण्याआधीची तपासणी.
खाली छाती एकच. स्वच्छ.
डाव्या हासळीचं हाड कधीतरी मोडून
जरा वाकडं जुळलेलं.

काकांचा डावा खांदा खाली आहे.
रोज बघते मी.

"माझीच हाये ते," ते म्हणाले. मी विचारलं नव्हतं.
"चांगली होती तवाची.
त्यायच्या फिल्मीत कापूस दिसे.
गेटवरूनच वापस धाडलं असतं त्यायले.
मंग खाल्लं काय असतं?"
बराच वेळ एसीचाच आवाज.
"आठ गेले त्यातले.
पत्ते ठाऊक आहेत मले."

शेवटचा पत्ता पुसला गेला
तरच मूळ तुकडा डिस्कवरून जातो.
एक उरला तरी तो राहतो.
हे मी त्यांना सांगितलं, का सांगितलं कुणास ठाऊक.
अहवालाच्या शेवटी एक चौकोन असतो, 'तपासले'.
तिथे अजून मी खूण केलेली नाही.

काल काका स्वतःच प्लेटसमोर उभे राहिले,
हनुवटी वर, खांदे पुढे.
बटण मला दाबायला लावलं.
श्वास घ्या, धरा, मी म्हणाले.
धरता धरता खोकला आला.
दुसऱ्यांदाही.
तिसऱ्यांदा जमलं.

रात्री पहिलीनं ती फिल्म कापली,
अकरा वर्षांत शोधलं.
काळा जुळला.
बाकी काहीच नाही, हासळीसुद्धा नाही.
सगळं नवं म्हणून ठेवून घेतलं.

"किती जागा लागली?" काकांनी विचारलं.
एकोणीस एमबी.
"लय झाली," म्हणाले,
आणि शिशाचं एप्रन खुंटीला लावून
जिन्यानं हळू हळू उतरले.