कान्याचा फरक

तलाठी भद्रकालीत आला तेव्हा मी शाई घोटत होतो.
म्हणाला, जमीन महसुलाची थकबाकी आहे तुमच्यावर.
जमीन?
भाड्याची खोली, तीत एक ट्रेडल मशीन,
गॅलरीत तेलाच्या डब्यात लावलेला कढीपत्ता.
हेक्टर-आर तुम्हीच काढा, साहेब.

कागद वाचला. मधू क्षेमकल्याणीचं कर्ज,
मेणबत्त्यांचा कारखाना, पस्तीस हजार,
जामीनदार मी.
चाळीस वर्षं खिळे जुळवले या बोटांनी,
आणि सही करताना दिसलं नाही
की जमीन आणि जामीन
यांत एका कान्याचा फरक असतो
आणि वसुलीच्या वेळी तोही धरत नाहीत.

मधू गेला. त्याचे साचे माझ्याच माळ्यावर,
उन्हाळ्यात अजून मेणाचा वास उतरतो.
व्याज तेवढं जगलं. दोन लाख अकरा हजार.
मशीनवर जप्तीची चिठ्ठी डकवली त्यांनी,
डिंक इतका पातळ
की ते गेल्यावर मीच नीट चिकटवली.

मग सीबीएसजवळचं कोर्ट, दुसाने वकीलबाई,
'मुदतबाह्य वसुली', आणि बाकावरच्या दुपारी.
सरकारी वकिलांनी एक नोटीस काढली :
चार मार्च दोन हजार चार,
खाली 'मिळाली', खाली सही,
माझ्याहून वळणदार.

नक्कल हातात आली त्या रात्री भिंग घेतलं.
सहीकडे पाहिलं नाही, तो माझा धंदा नव्हे.
टाईप पाहिला.
'थकबाकी'तला थ, दांडा खालून तुटका.
हा थ मी ओळखतो.
बदलीन बदलीन म्हणत वापरत राहिलो होतो.
आणि पार तळाशी, मुंगीएवढ्या अक्षरांत,
जिथं सरकारात कुणी वाचत नाही :
सुबोध मुद्रणालय, ५,००० प्रती, ११/२००९.

दिवाळीनंतरचं काम. तहसील कचेरीला पोचवलं होतं
सायकलवरून, दोन खेपांत.
बिल यायचंय.

हा कागद ओळखता का?
हो. कोरा होता तेव्हापासून.
न्यायाधीशांनी कागद उजेडाला धरला,
मग पुन्हा धरला, उलटा करून.
मुद्रणदोष असू शकतो, सरकारी वकील म्हणाले.
इतक्या वर्षांत एवढं मात्र लागलं.
जप्ती नव्हती लागली इतकी.

वसुलीला स्थगिती. पुढली तारीख जूनमध्ये.
जिन्यात हुकूम वाचला. 'दमोदर' छापलंय.
समासात खूण करायला हात गेला,
वकीलबाई ओरडल्या, अहो, सही-शिक्क्याची प्रत आहे ती!
बरं, म्हटलं,
आणि पेन्सिल पुन्हा कानावर ठेवली.