हात धुऊन

ओहोटीला आम्ही चाळीस बायका
आरोउसाच्या खाडीत उतरतो,
कमरेइतक्या गार पाण्यात दाताळं ओढत.
तिसऱ्यांवर माझ्या आईचं घर चाललं,
माझंही चालतं.
लग्नाच्या दिवशीसुद्धा
अंगठीखाली वास होता.

अन्तिया चार वर्षांची.
गावच्या जत्रेत भाताचा एक चमचा,
त्यात तिसरीही नव्हती,
नुसतं तिचं पाणी.
“आई, माझ्या जिभेला केस आलेत.”
आम्ही हसलो. टेबलभर हसलो.
माझा भाऊ ब्राइस म्हणाला, थांब, कात्री आणतो.

मग ती कान खाजवायला लागली, आतून.
मानेवर लाल गांधी.
ओकली.
आवाज घोगरा झाला, म्हाताऱ्या कोळ्यासारखा,
आणि मग आवाजच नाही.

दवाखान्यापर्यंतची अकरा मिनिटं मला पाठ आहेत,
वळणासकट.
हसू कुणाच्या तोंडावरून कधी उतरलं
तेवढं मात्र आठवत नाही.

आता औषधाची दोन पेनं असतात तिच्या पिवळ्या पिशवीत,
दोन शाळेत, बाईंच्या टेबलाच्या वरच्या खणात,
कुलपाशिवाय.
मुदत संपलेलं एक ब्राइसला दिलं, सोबत एक संत्रं.
म्हटलं, ही तिची मांडी.
बाहेरच्या अंगाला, पँटवरूनच.
दाबून धर, दहा मोज.
मग अ‍ॅम्ब्युलन्स. मला फोन त्यानंतर.
आडवी निजव, पाय उंच,
धाप लागली तर टेकून बसव,
पण चालू देऊ नकोस,
बरं वाटतंय म्हणाली तरी.
आणि जिभेला केस आले म्हणाली,
मुंग्या आल्या, घसा छोटा झाला म्हणाली,
तर हसू नकोस.

त्यानं संत्र्याला टोचलं.
सातपर्यंत मोजलं
आणि ढसाढसा रडला, एवढा होड्या ओढणारा माणूस.
पुन्हा, मी म्हटलं. दहापर्यंत.

समुद्र हात धुऊन आमच्या मागे लागलाय
आणि मी हात धुऊन समुद्राच्या.
सोडून काय करू? मला दुसरं येत नाही.
भरती चढते, वजनं होतात, मी परतते.
बूट अंगणात, कपडे अंगणात,
साबण, लिंबू, पुन्हा साबण.

ती दारात उभी असते, हाताची घडी घालून,
बाजारातल्या तपासनीसासारखी.
दोन पावलं लांबून नाक उडवते.
“अजून आहे.”

मी परत नळाकडे.