न वाजवल्याचे

सभा भरली शाळेच्या ओट्यावर.
मी दवाखान्यातला व्रणोपचारक, म्हणजे पट्ट्या बांधणारा,
म्हणून इंदुताई भोयर, आमच्या सरपंचबाई,
मलाच म्हणाल्या,
'तुमीच लिवा जी, कोनाले कुठं बांधाचं थे.'

लिहिलं मग वहीत.
वेळ सकाळी साडेसात,
फाल्गुनात दहानंतर मोहदरीची माती तवा होते.
तळहात भुईवर टेकवून पाहायचा,
आपल्याला सोसला चटका तर त्यांच्या पायांना सोसेल.
कोंबड्या डालग्यात, उगवतीच्या भिंतीशी.
कुत्र्याला दोरी, दोन बोटं जातील एवढी सैल.
मांजरींसाठी दुसरीचा वर्ग, दार लावून.
त्या येणार नाहीतच, पण वर्ग असू द्यावा.
पाण्याची घमेली पाच, कुणाची कुणाला नाही.
लस टोचली नसेल तर आधी माझ्याकडे.
आणि गळ्यात चिठ्ठी: नाव, घर, चावतो का.

'चावतो का' ह्या रकान्यात
पूर्वेश कुमरेनं लिहिलं:
मला नाही.

मागचं फाटक उघडं ठेवायचं.
ज्या जनावराला घरी जावंसं वाटेल
त्याला अडवायचं नाही, विचारायचं नाही.
पेंदाम गुरुजी म्हणाले, माणसांच्या कार्यक्रमातही
असं एक फाटक पाहिजे.
सगळे हसले.
मला मात्र सत्काराच्या खुर्च्या आठवल्या.

माइकचं कुणी बोललंच नाही.
बारसं असो की तेरवी,
प्रमोद तितऱ्याचे दोन भोंगे आंब्यावर चढतात
जसे सुतक आणि सोयरे, न बोलावता.

आले. बकऱ्या सतरा, एकीला टिकली.
म्हशीचं रेडकू, नाव महाराणी.
खोक्यात ससा, खोक्याला नऊ पोरं.
पोपट आणू नये, कायदा आहे, असं मी बजावलं होतं.
रुख्माबाई पिंजरा घेऊनच आल्या, रिकामा.
'सोडला काल.'
मग पिंजरा काहून आनला, आजी?
'रिकामा हाये थे दाखवाले.'

साडेसातचं आठ झालं. प्रमोदनं फुंकर मारली,
हॅलो, हॅलो, एक दोन,
आणि भोंग्यातून अशी शीळ निघाली
की माझीच दाढ दुखली.
दोऱ्या ताणल्या. डालगं उपडं झालं.
भुऱ्या कुत्रा बाकाखाली शिरला आणि
बाकासकट थरथरू लागला.
गोठ्यातून पहिल्यांदाच बाहेर पडलेला गायधन्यांचा गोऱ्हा
मागच्या फाटकानं, नियमाप्रमाणे, घरी गेला.

इंदुताईंनी पदर खोचला,
स्टेजवरून उतरल्या, वायर उपटली.
आणि मग भाषण केलं
लेकरू मांडीवर निजलं असताना बोलतात तेवढ्या आवाजात.

मागचे पुढे सरकले. पुढचे खाली बसले.
बक्षिसं कानात सांगितली गेली:
ढेपेचं पोतं, नवं दावं, घुंगराची माळ.
टाळ्या नाहीत, नुसते हात वर,
शेताशेतातून कुणी कुणाला ओळख देतं तसे.
आणि काय काय ऐकू आलं म्हणून सांगू,
कुटार चावणाऱ्या सतरा जबड्यांचा आवाज,
घमेल्यात जीभ,
बाकाखालून शेपटी, आधी एकदा,
बऱ्याच वेळानं परत एकदा.

इंदुताईंच्या सासूबाईंना वीस वर्षं ऐकू येत नाही.
त्या उठताना म्हणाल्या,
'आज समजलं बाप्पा सारं.'

गोऱ्हा पाहायला संध्याकाळी गेलो.
आपल्या खुंट्याशी उभा होता, न बांधलेला.
मी कान पाहिले, खूर पाहिले,
चिठ्ठी तेवढी खाल्ली होती त्यानं.

दुसऱ्या दिवशी प्रमोदचं बिल आलं ग्रामपंचायतीत.
भोंगे दोन, भाडं तीनशे.
खाली वेगळ्या ओळीत,
न वाजवल्याचे: पन्नास.

इंदुताईंनी चष्मा लावला, पुसला, परत लावला,
आणि पन्नासवर आधी सही केली.