टेकिप्पेची पुस्तकं कुठे ठेवायची

वर्ला म्हणाली, सगळी एकाच कपाटात ठेवू,
गावचाच माणूस होता, वर छानशी पाटी लावू.
मी नाही म्हटलं.
एकतीस वर्षं या वाचनालयात मी आकड्यांचं मीठ खाल्लंय.

तर ऑर्विन टेकिप्पे असा विखुरलाय:
मोटारशर्यतींचा इतिहास खिडकीजवळ, सातशे शहाण्णवात,
सायकली आणि कुस्तीच्या मधोमध.
मधमाश्यांवरचं पुस्तक दोन कपाटं मागे,
त्याच्या पुठ्ठ्यावर कुणाचा तरी चिकट अंगठा.
हरवलेल्या खेचराची गोष्ट अगदी खाली, मुलांच्या उंचीवर,
कोपरे दातांनी कुरतडलेले.
आणि शेरीफ अल्टा रूडच्या तिन्ही रहस्यकथा
दाराशी, फिरत्या मांडणीवर.
हिवाळ्यात त्याच जातात.

आयोवातला हिवाळा म्हणजे
बर्फातून वर आलेली मक्याची खुंटं,
न केलेल्या दाढीसारखी,
आणि साडेचारलाच अंधार.
अशा दिवसांत माणसांना एखादा खून लागतो.
टेकिप्पेने तो पुरवला, घरपोच म्हणावा इतका जवळचा.
बायका पुस्तक परत करताना पुटपुटायच्या,
"यातला पाद्री म्हणजे आपलाच ना गं?"
मी तारखेचा शिक्का मारायचे.

इतिहासाला मात्र कुणी हात लावत नसे.
चारशे पानं.
जत्रा संपल्यावर नांगरून टाकलेल्या मातीच्या धावपट्ट्या,
कुणाची फेरी किती सेकंदांची, कुणाचा खांदा निखळला,
कुणाला बक्षिसात अर्धं डुक्कर मिळालं.
सगळं दूधडेअरीच्या वहीइतकं कोरडं,
एक विशेषण सापडेल तर शपथ.

गुरुवारी यायचा तो. हात कायम कोटाच्या खिशात.
एकदा आमच्याच आवारात त्याचं चाक बसलं.
गॅरेजवाला ड्वेन येईपर्यंत
तासभर रस्त्याच्या पलीकडे उभा राहिला, थंडीत.
मी चेष्टा केली, मोटारींवर चारशे पानं लिहिलीत
आणि चाक बदलता येत नाही?
हसला. हसला असं मला तेव्हा वाटलं.

मंगळवारी तो गेल्याचा फोन आला.
मी इतिहास खाली काढला, उगाच, धूळ पुसायला म्हणून.
पान दोनशे बारा.
"ऑगस्ट १९५८. मर्ल टेकिप्पे, मेकॅनिक, वय एकोणीस.
जॅक घसरला."
पुढच्या ओळीत दुसरी शर्यत सुरू.

तशीच दाराशी गेले, मांडणी फिरवली.
पहिल्या कथेत पशुवैद्य, त्याच्याच ट्रकखाली.
दुसरीत लिलाववाला.
तिसरीत तर लग्नाला चार दिवस उरलेला पोरगा.
खुनी दर वेळी निराळा,
भागीदार, बायको, शेजारचा देवमाणूस म्हातारा.
जॅक तोच.
लाल, दांड्याला निळी चिंधी गुंडाळलेली.
आणि शेवटच्या प्रकरणाच्या तोंडावर
अल्टा रूड टोपी काढून विचारते,
"दांडा कुणाच्या हातात होता?"

तिन्ही पुस्तकं मी पूर्वी वाचली होती.
तिन्हींतला खुनी मी आधीच ओळखला होता,
वर्लाकडे फुशारकीही मारली होती.

इतिहासात तो प्रश्नच नाही.
त्या ऑगस्टात ऑर्विन अकरा वर्षांचा होता,
एवढं मला नोंदवहीतल्या त्याच्या जन्मतारखेवरून कळतं,
आणि एवढंच कळतं.

पाटी लावली नाही.
पुस्तकं जिथली तिथे आहेत, आपापल्या आकड्यांपाशी,
एकमेकांना ओळख न दाखवता.

काल एक मुलगी खेचराची गोष्ट परत द्यायला आली,
पुढचे दोन दात पडलेली.
खेचर शेवटी सापडतं, ते तिला ठीक वाटलं,
पण फाटक कुणी उघडं टाकलं होतं,
हे त्यात लिहिलंच नाही म्हणाली.
इतकी वर्षं मी मुलांना सांगत आले, वाऱ्याने.
काल शिक्का हातात तसाच राहिला.
"लिहायचं राहिलं असेल," मी म्हटलं.
तिला काही ते पटलं नाही.