नमुन्याची पट्टी

फैजपूरच्या पेठेत, तेलघाण्याला लागून,
माझा बाप भांड्यांवर नावं टोचायचा.
आधी छिन्नी-हातोडी, ठिपक्याला ठिपका;
मग गांधीलमाशीसारखं गुणगुणणारं मशीन आलं.
अक्षरामागे चार आणे.
काना-मात्रा फुकट.

नाव ऐकलं की त्याचा हात थांबायचा.
"अर्थ काय भो याचा?"
"मले काय माहीत? आज्यानं ठेवलं."
मग तो पितळेच्या एका पट्टीवर टोचून बघायचा,
मोठ्याने वाचून दाखवायचा,
आणि नंतरच भांड्याला हात लावायचा.

कोरपावलीची रुबाबबाई तडवी हंडा घेऊन आली.
मी हसले. रुबाब!
ती तर बोलताना पदर दातात धरायची.
शुक्रवारी मौलवींना मशिदीबाहेर गाठून
बाप विचारून आला:
अरबीत म्हणे पांढरा ढग.
पुढच्या खेपेला तिला सांगितलं.
ती आभाळाकडे नाही, हंड्याकडे बघत राहिली.
"मंग पान्याचाच हिशेब निंघाला म्हना."

दौलत चौधरींची भांडी दोनदा आली.
लेकीच्या लग्नात पंचावन्न नग,
आणि सहा वर्षांनी तेच, मोडीत.
या शब्दाच्या मुळाशी फिरणं आहे,
आज इथे उद्या तिथे, हे मौलवी सांगून चुकले होते.
बाप चौधरींना ते बोलला नाही.
कानशीने 'दौलत' घासता घासता
तीनदा चष्मा पुसला.

माझी आई मनकर्णा.
मुळात काशीची मणिकर्णिका, कानातलं रत्न;
तापीकाठी येईतो बायकांच्या तोंडात झिजली,
मणी गळाला, कान राहिले.
आईच्या कानांतही कडुलिंबाची काडीच असायची.

शाळेतले दोन मास्तर दुकानासमोर भांडायचे,
हा देश खानाचा की कान्हाचा.
बाप म्हणायचा, "दोन्ही टोचून देतो.
'ख'ले ठिपके जास्ती लागतात, इतकंच."

एकदा सातपुड्यातून एक बारेला पोरगी उतरली,
काखेत कोरी कळशी, पिशवीत शाळेचा दाखला.
दाखल्यावर दीपाली.
"ते गुरुजीनं लिहिलं. तू दितली टाक."
आणि बाप विचारायच्या आत,
"दितवारी झाली म्हणून."
नावाखाली तारीख टाकायची रीत.
"तारीख?"
तिने असं बघितलं,
की वार सांगितल्यावर आणखी काय उरतं.
त्या दिवशी बापाने तीन अक्षरं टोचली
आणि दोनाचेच पैसे घेतले.

त्याच्या स्वतःच्या नावाचा अर्थ
कुणी विचारला नाही. गरजच नव्हती. सुपडू.
सुपात घालून उकिरड्यापर्यंत ओढत नेला,
शेजारणीने पसाभर ज्वारीला विकत घेतला,
मग आजीने त्याला दुसरीचं पोर म्हणून पाजलं.
मृत्यू दारावरून गेला तेव्हा
सूप बघून त्याला वाटलं, आत कोंडा असेल.

बाप गेल्यावर मशीन भंगारवाल्याने नेलं.
पट्टी मी ठेवून घेतली.
भिकन, नजमा, कंचनबेन, उखर्डू, रुबाब,
दितलीच्या अंगावर कुणी हिंमत चढलेला,
उलटी-आडवी, जागा मिळेल तशी.
पाठीमागे मात्र दोनच नावं,
छिन्नीच्या काळातली:
अमृत. मोतीराम.

पेठेत विचारलं. या नावाचं गिऱ्हाईक
कुणाला आठवेना.
मग थोरल्या आत्याच्या हातात पट्टी दिली.
तिला वाचता येत नाही, मी वाचून दाखवली.
"ते दोघं सुपडूच्या आंधीचे," ती म्हणाली.
"अमृत बारशानंतर पाच दिवस.
मोतीराम भिंत धरून चालाले लागला होता.
नावं लई चांगली ठेवली होती."

घरी येऊन उजेडात धरली.
ठिपके खोल आहेत, अंतर कमी-जास्त,
नुकतंच काम शिकणाऱ्या पोराचे असावेत तसे.
अमृतमधला 'मृ' दोनदा टोचलाय.
पहिल्यात ऋकार उलट्या बाजूला वळला होता.