शिवडी, खड्डा क्रमांक तीन

किल्ल्याच्या उताराखाली गटाराचं काम चाललेलं,
बाबू पागधऱ्याची पहार थांबली.
दगड नव्हे, म्हणाला. दगडाचा आवाज असा येत नाही.

मग आम्ही आलो, ब्रश, दोरी, खुंट्या घेऊन.
पलीकडे दारूखान्यात
जुनी जहाजं तोडणारे घण.

एक माणूस. कुशीवर, घाईत टाकलेला.
माती लोटणाऱ्याने पायसुद्धा सरळ केले नव्हते.
लोर्ना गोन्साल्विस बाई गुडघ्यांवर बसल्या,
डाव्या हाताचं हाड उचललं :
कोपराखाली तीन चिरा.
"हात वर केला होता याने. डोकं वाचवायला.
ढाल असती तर हाडावर आलं नसतं."
मणक्यात शिशाची गोळी, बोरासारखी चेपलेली.
मागून.

बखरीत असा कुणी मरत नाही.
बखरीत सगळ्यांच्या जखमा छातीवर.

वय वीस-बावीस. अक्कलदाढ अर्धीच वर आलेली.
लहानपणी कधीतरी पोट रिकामं राहिलेलं,
त्याची दातांवर आडवी रेघ,
पुराची राहते भिंतीवर, तशी.
आणि पुढच्या दोन दातांत एक खाच, गुळगुळीत.
बाईंनी भिंग लावलं. फोटो काढले.
कुणी म्हणालं, काडतूस दातांनी फोडत असेल.

बाबू कडेला चहा पीत उभा होता.
"जाळं विणायचा तो," म्हणाला
आणि ओठ मागे ओढून दाखवले स्वतःचे दात.
दोरा दातात धरायचा, गाठ मारायची, पुन्हा धरायचा.
पोरवयापासून.

गोळी काट्यावर ठेवली : एकवीस ग्रॅम.
बाबूने मागून घेतली, तळहातावर तोलली,
"आम्ही जाळ्याच्या कडेला एवढंच शिसं लावतो,"
आणि पटकन परत दिली, भाजल्यासारखी.

तक्त्यात रकाने असतात.
वय, उंची, मृत्यूचं कारण. भरले.
एक उरला : कोणाच्या बाजूने.
बिल्ला नाही, बटण नाही, मूठ नाही तलवारीची.
पायांची बोटं पसरट, जन्मभर अनवाणी.
आतल्यांचा की बाहेरच्यांचा,
तटाकडे धावत होता की तटापासून,
हाडं तेवढं सांगत नाहीत.
मी पेन्सिलीने लिहिलं, माहीत नाही.

पेटीला दोरी बांधताना बाबूने विचारलं,
"याचा पगार झाला असेल का हो?
का महिना भरायच्या आतच?"

खाडीला भरती लागलेली. घण थांबले होते.
मुकादमाने हजेरीचा कागद पुढे केला
आणि बाबूने सही केली,
पेनाचं टोपण
त्या दोन दातांत धरून.